शाळेतील मारहाण आणि आपले मौन

मूल सकाळी दप्तर पाठीवर टाकून घराबाहेर पडते, तेव्हा आईबाप त्याला एका विश्वासाने निरोप देतात. शाळेत ते शिकेल, चार मित्र जोडील आणि जसे गेले तसे सुखरूप परत येईल, हा तो विश्वास होय. अलीकडच्या वर्षांत या विश्वासाला वारंवार तडा गेला आहे. शाळेच्या दारात चाकू निघतो, वसतिगृहात नव्या मुलाचा छळ होतो, शिक्षेपायी मूल प्राणास मुकते. अशा वार्ता वाचून आपण हळहळतो, काळ वाईट आला असे म्हणतो आणि पान उलटतो. परंतु काळाला दोष दिल्याने एकही मूल सुरक्षित होत नाही. ही हिंसा कशी जन्मते, कोणत्या पायऱ्यांनी वर चढते आणि कोणत्या पायरीवर तिला अडविता येते, याचा शांतपणे विचार करणे हे प्रत्येक पालकाचे कर्तव्य आहे. सुरत शहरातील बमरोली भागात राहणारी मराठी कुटुंबे डोळ्यांपुढे ठेवून तो विचार येथे केला आहे; इतरत्रच्या वाचकांनाही त्यात आपले घर दिसल्यावाचून राहणार नाही.

बमरोलीचे घर

बमरोली हे एके काळचे गाव आता सुरत महानगरपालिकेच्या हद्दीत सामावले आहे. शेजारी पांडेसऱ्याची औद्योगिक वसाहत, तेथील कापड रंगविण्याच्या व छापण्याच्या गिरण्या, आणि सभोवार यंत्रमागांचे कारखाने. जळगाव, धुळे, नंदुरबार या जिल्ह्यांतून पोटासाठी आलेली असंख्य मराठी कुटुंबे बमरोली, पांडेसरा, उधना, लिंबायत, डिंडोली या पट्ट्यात स्थिरावली आहेत. त्यांच्या भिंतीला भिंत लावून ओडिशाची, उत्तर प्रदेशची, बिहारची कुटुंबे राहतात. मागावरची पाळी बहुधा बारा तासांची असते. बाप रात्रपाळीहून परत येतो तेव्हा मूल शाळेला निघालेले असते, आणि मूल घरी येते तेव्हा बाप झोपलेला असतो. आई घरबसल्या साड्यांना लेस लावण्याचे किंवा खडे चिकटविण्याचे काम करते. तिचे हात मोकळे नसतात आणि डोळेही.

भाषेची गोष्ट त्याहून निराळी. घरात अहिराणी, गल्लीत हिंदी, बाजारात गुजराती, अशी मुलाची दिवसभर ओढाताण होते. सुरत महानगरपालिकेची नगर प्राथमिक शिक्षण समिती गुजरातीबरोबरच मराठी, हिंदी, उर्दू, ओडिया, तेलुगू आणि इंग्रजी माध्यमांच्याही शाळा चालविते, ही मोठी सोय आहे. तथापि पुढे अनेक मुले माध्यम बदलतात, आणि नव्या वर्गात त्यांच्या उच्चारावरून, आडनावावरून, बापाच्या धंद्यावरून टवाळी होऊ लागते.

हे सारे सांगण्याचे कारण असे की, ज्या मुलाला शाळेत त्रास होतो त्याला दोन गोष्टींची गरज असते : ऐकायला वेळ असलेले माणूस, आणि मनातले सांगता येईल अशी भाषा. कष्टकरी वस्तीत या दोन्ही गोष्टी दुर्मीळ होतात. दोष कष्टाचा नव्हे. पण ही उणीव ओळखल्यावाचून पुढे जाता येत नाही.

अलीकडे काय घडले

दूरदेशीची उदाहरणे घेण्याची गरज नाही. ऑगस्ट २०२५ मध्ये अहमदाबादच्या खोखरा भागात एका शाळेच्या बाहेर दहावीतील विद्यार्थ्यावर त्याच शाळेतील, त्याच्याहून लहान वयाच्या विद्यार्थ्याने धारदार शस्त्राने वार केला. जखमी मुलगा दुसऱ्या दिवशी मरण पावला. मूळ भांडण किरकोळ होते. पुढे जे घडले तेही तितकेच विचार करायला लावणारे आहे. संतप्त जमाव शाळेत घुसला, त्याने मोडतोड केली आणि शाळेतील कर्मचाऱ्यांना मारहाण केली. एका मुलाच्या हिंसेला मोठ्यांनी हिंसेनेच उत्तर दिले, आणि ते शेकडो मुलांनी आपल्या डोळ्यांनी पाहिले.

त्याआधी नोव्हेंबर २०२४ मध्ये पाटणजवळील धारपूरच्या वैद्यकीय महाविद्यालयात पहिल्या वर्षाला नुकताच आलेला अठरा वर्षांचा विद्यार्थी वरच्या वर्गातील मुलांनी ओळख करून घेण्याच्या नावाखाली सुमारे तीन तास उभा केला. तो कोसळला आणि त्याचा अंत झाला. पंधरा विद्यार्थ्यांवर गुन्हा नोंदला गेला. डॉक्टर होऊन प्राण वाचविण्याची विद्या शिकावयास आलेली ही मुले होती.

खानदेशच्या माणसाला तर डॉ. पायल तडवी हे नाव विसरता येणार नाही. आदिवासी तडवी भिल्ल समाजातील जळगावची ही मुलगी मुंबईच्या टोपीवाला राष्ट्रीय वैद्यकीय महाविद्यालयात स्त्रीरोगशास्त्राचे पदव्युत्तर शिक्षण घेत होती. २२ मे २०१९ रोजी वसतिगृहाच्या खोलीत तिने आपले जीवन संपविले. तीन वरिष्ठ महिला डॉक्टर जातीवरून तिचा छळ करीत होत्या, असा आरोप होऊन त्यांना अटक झाली. आरोपाचा निवाडा करणे हे न्यायालयाचे काम आहे. मात्र मुलीला होणारा त्रास आपल्या कानांवर आला होता आणि आपण तो वरिष्ठांपर्यंत नेण्याचा यत्न केला होता, असे तिच्या कुटुंबीयांनी सांगितले, हे येथे लक्षात ठेवावे.

हिंसा करणारा हात दर वेळी विद्यार्थ्याचाच असतो असेही नाही. नोव्हेंबर २०२५ मध्ये वसई भागातील एका शाळेत उशिरा आलेल्या सहावीतील मुलीला पाठीवर दप्तर घेऊन शंभर उठाबशा काढावयास लावल्या, आणि त्यानंतर काही दिवसांतच तिचा मृत्यू झाला, असा आरोप झाला. त्याच वर्षी जून महिन्यात सांगली जिल्ह्याच्या आटपाडी तालुक्यात सराव परीक्षेत गुण कमी पडले म्हणून बारावीतील मुलीला बापाने मारहाण केली आणि ती दगावली. हा बाप स्वतः शिक्षक होता. घरातला मार, शाळेतला मार आणि कॉलेजातला छळ ही तीन निरनिराळी दुखणी नव्हेत. अंगात बळ असलेल्याने दुबळ्यावर हात टाकला तर तो शिस्तीचा, गंमतीचा किंवा हक्काचा भाग समजावा, ही एकच रोगट समजूत तिन्ही ठिकाणी काम करते.

कोणाला तरी ठाऊक असते

या साऱ्या प्रकारांचा अभ्यास करणाऱ्यांना एक गोष्ट पुनःपुन्हा आढळली आहे. हिंसा विजेसारखी आकाशातून कोसळत नाही. ती घडण्यापूर्वी कोणाला तरी ठाऊक असते.

१९९९ साली अमेरिकेतील कोलंबाइन येथील शाळेत दोन विद्यार्थ्यांनी गोळीबार करून अनेकांचे बळी घेतले. त्यानंतर तेथील सरकारने १९७४ ते २००० या काळात शाळांत झालेल्या अशा ३७ हल्ल्यांची छाननी करविली आणि तिचा अहवाल २००२ मध्ये प्रसिद्ध केला. चारपैकी तीनहून अधिक प्रसंगी हल्ल्याचा बेत आधीपासून किमान एका माणसाला माहीत होता, आणि हा माणूस बहुधा बरोबरीचा मित्र, वर्गबंधू किंवा भाऊ होता. हल्लेखोरांपैकी पुष्कळांना स्वतःला पूर्वी छळ सोसावा लागला होता. अमुक चेहऱ्याचा, अमुक घरातला मुलगाच असे करतो, असा साचा मात्र काढता आला नाही. म्हणून वस्ती, जात, धर्म किंवा प्रांत पाहून एखाद्या मुलावर संशय घेणे हे अन्यायाचे आहेच, शिवाय निरुपयोगीही आहे.

नॉर्वे देशाची हकीकत अधिक आशा देणारी आहे. १९८२ च्या अखेरीस तेथील उत्तर भागात तीन मुलांनी सोबत्यांच्या छळाला कंटाळून आत्महत्या केल्या. देश हादरला. डान ओल्वेयस नावाचे मानसशास्त्रज्ञ या विषयाचा अभ्यास करीतच होते. १९८३ पासून बर्गेन शहरातील ४२ शाळांत सुमारे २,५०० विद्यार्थ्यांमध्ये त्यांनी एक योजना राबविली. वर्गात साधे, स्पष्ट नियम. मधल्या सुटीत शिक्षकांचा वावर. वर्गात नियमाने चर्चा. आणि तक्रार येताच छळणारा, छळ सोसणारा व दोघांचे पालक यांच्याशी गंभीरपणे बोलणे, एवढीच ती योजना होती. दोन वर्षांत तेथील छळाचे प्रमाण जवळजवळ निम्म्यावर आले. या उपायांना लागला तो मोठ्या माणसांचा वेळ.

पुढे फिनलंडमधील तुर्कू विद्यापीठाने अशीच एक योजना देशभर नेली. तिचा भर बघ्यांवर होता. एक मुलगा दुसऱ्याला छळतो तेव्हा भोवताली पाच-सहा जण उभे असतात. ते हसले की छळणाऱ्याला बळ येते. ते निघून गेले तर त्याचा खेळ फिका पडतो. आणि त्यांच्यातला एक जरी मार खाणाऱ्याच्या शेजारी जाऊन बसला, तरी साऱ्या वर्गाचे वारे फिरते. आज बघ्यांच्या हाती मोबाइल असतो. ते मारामारी सोडविण्याऐवजी तिचे चित्रण करतात आणि पीडिताची मानहानी घरोघर पोहोचवितात. असे चित्रण पुढे धाडणारा प्रत्येक जण त्या मारहाणीत एक हात लावतो, हे मुलांना निक्षून सांगितले पाहिजे.

चहाडी आणि वर्दी

मुले सांगत का नाहीत? कारण आपणच त्यांना सांगू नये असे शिकविले आहे. मूल तक्रार घेऊन आले की, 'चहाड्या करू नकोस', 'तूच काही केले असशील', 'मार खाऊन आलास? तूही दोन ठेवून द्यायच्या होत्यास', ही उत्तरे आपल्या तोंडी असतात. पहिल्या उत्तराने मूल गप्प बसते, दुसऱ्याने अपराधी होते आणि तिसऱ्याने पुढच्या मारामारीची तयारी करू लागते. खिशात ब्लेड ठेवणारी कित्येक मुले कोणाला मारण्याच्या हौसेने ते ठेवीत नाहीत; भीतीने ठेवतात. भ्यालेल्या हातातले शस्त्र अधिकच धोक्याचे असते.

यास्तव चहाडी आणि वर्दी यांतील भेद मुलांना समजावून द्यावा. दुसऱ्याला अडचणीत आणण्यासाठी जे सांगितले जाते ती चहाडी. दुसऱ्याला अडचणीतून सोडविण्यासाठी जे सांगितले जाते ती वर्दी. 'बाई, याने खोडरबर घेतले,' ही चहाडी असू शकेल. 'बाई, त्याच्या दप्तरात चाकू आहे,' 'जिन्याखाली रोज त्याचे पैसे काढून घेतात,' 'ती आता जगायचे नाही असे म्हणते,' ही वर्दी आहे; ती त्याच घटकेला द्यावयाची आहे. सहा-सात वर्षांच्या मुलालाही हा भेद कळतो. आणि वर्दी देणाऱ्याचे नाव मोठ्यांनी कधीही उघड करू नये. एकदा विश्वास गेला की दहा मुलांची तोंडे बंद होतात.

घराचे काम

मुलाची विचारपूस आपण बहुधा 'किती मार्क पडले?' या प्रश्नाने करतो. त्याऐवजी 'डबा कोणाबरोबर खाल्लास? कोणाशेजारी बसलास? येताना सोबत कोण होते?' असे विचारून पाहावे. ज्या मुलाला या प्रश्नांची उत्तरे देता येत नाहीत ते एकाकी पडले आहे असे समजावे. सकाळी वारंवार पोट दुखणे, रस्ता बदलून जाणे, वह्या फाटणे, पैसे हरवणे, डबा न खाताही भुकेने घरी येणे, अभ्यासातून अचानक मन उडणे, ही भयाची चिन्हे आहेत. उलट, घरात आपल्या नसलेल्या वस्तू येणे, लहान भावंडाला किंवा मुक्या जनावराला दुखवून हसणे, मोबाइलवर मारहाणीची चित्रे जमविणे, ही दुसऱ्या बाजूची चिन्हे होत. आपलेच मूल छळणारे असेल ही शक्यता कोणत्याही पालकाने नाकारू नये. अशी तक्रार आली तर शिक्षकांशी भांडू नये, आणि मुलाला बदडूही नये. बदडल्याने मार चालतो हाच धडा पक्का होतो. त्याला समोर बसवावे, झालेले नुकसान भरून देण्यास लावावे, क्षमा मागावयास न्यावे, आणि पुढील काही आठवडे त्याच्यावर प्रेमाने लक्ष ठेवावे.

बारा तासांच्या पाळीत हे कसे साधावे, असे कोणी विचारील. प्रश्न रास्त आहे. रोज दहा मिनिटे पुरतात, ती ठरलेली असली तर. बाप रात्रपाळीला निघताना, आई खडे चिकटवीत असताना, मूल शेजारी बसू शकते. चाळीत आजी असेल, शिकलेली थोरली बहीण असेल, तिच्याकडे हे काम सोपवावे. मंडळ, मंदिर, चर्च यांनी संध्याकाळी दोन तास एक खोली अभ्यासासाठी उघडी ठेवली, तर गल्लीतली कितीतरी मुले एका वडीलधाऱ्याच्या नजरेखाली येतील.

शाळेचे आणि कॉलेजचे काम

शाळेत मारामाऱ्या बहुधा वर्गात होत नाहीत. त्या शौचालयात, जिन्याखाली, मैदानाच्या कोपऱ्यात आणि फाटकाबाहेर होतात. दोन पाळ्यांत भरणाऱ्या शाळेत सकाळची मुले सुटतात आणि दुपारची येतात, ती वेळ विशेष जोखमीची. त्या वेळी दोन शिक्षक फाटकाशी उभे राहिले तर पुष्कळ अनर्थ टळतात. वाद झाला त्याच दिवशी दोन्ही घरी कळवावे. उद्यावर टाकू नये, कारण मध्ये एक रात्र जाते आणि त्या रात्री दोन्हीकडचे दोस्त गोळा होतात.

छडीशिवाय विद्या नाही, असा जुना समज आहे. २००९ च्या शिक्षणहक्क कायद्याच्या १७ व्या कलमाने मुलांना शारीरिक शिक्षा आणि मानसिक छळ या दोहोंनाही मनाई केली आहे. कायद्यापलीकडेही एक साधी गोष्ट आहे : ज्या शिक्षकाचा हात उठतो, त्याच्याकडे मार खाणारे मूल तक्रार घेऊन जात नाही.

कॉलेजातील रॅगिंगविरुद्ध महाराष्ट्राने १९९९ मध्येच कायदा केला. त्यात दोन वर्षांपर्यंत कैद आणि दहा हजार रुपयांपर्यंत दंड आहे. ८ मार्च २००९ रोजी हिमाचल प्रदेशातील टांडा येथील वैद्यकीय महाविद्यालयात अमन काचरू हा विद्यार्थी वरिष्ठांच्या मारहाणीत दगावला, आणि २०१० मध्ये चौघांना चार वर्षांची सक्तमजुरी झाली. त्याचे वडील राजेंद्र काचरू यांनी पुत्रशोक पोटात घालून या दुष्ट प्रथेविरुद्ध काम आरंभिले. विद्यापीठ अनुदान आयोगाचे २००९ चे नियम देशभर लागू आहेत. त्यांनुसार विद्यार्थी आणि पालक या दोघांनीही हमीपत्र भरावयाचे असते. पुष्कळ पालक ते न वाचताच सही करतात. बमरोलीहून जवळच वीर नर्मद दक्षिण गुजरात विद्यापीठ आहे. कष्टकऱ्यांची मुले आता तेथे आणि दूरच्या वसतिगृहांतही जाऊ लागली आहेत. घरातले पहिले मूल कॉलेजात जाते तेव्हा तेथील रीत काय, हे सांगणारे घरात कोणी नसते. म्हणून १८००-१८०-५५२२ हा रॅगिंगविरोधी मदतीचा दूरध्वनी क्रमांक मुलाच्या वहीत लिहून द्यावा. तेथे नाव न सांगताही तक्रार करता येते. लहान मुलांसाठी १०९८ हा क्रमांक आहे. जुलै २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने शंभर वा अधिक विद्यार्थी असलेल्या शिक्षणसंस्थांत किमान एक प्रशिक्षित समुपदेशक असावा, असा निर्देश दिला आहे. आपल्या शाळेत तो आहे काय, हे पालकसभेत विचारण्याचा अधिकार प्रत्येक आईबापाला आहे.

अमळनेरचा धडा

उधन्याहून जळगावकडे जाणाऱ्या रेल्वेमार्गावर अमळनेर लागते. बमरोलीतील कितीतरी कुटुंबे सुटीत याच गाडीने गावी जातात. १९२४ ते १९३० या काळात अमळनेरच्या प्रताप हायस्कूलमध्ये साने गुरुजी शिक्षक होते आणि तेथील छात्रालयाची देखरेखही त्यांच्याकडे होती. मुलांच्या खोल्या अस्ताव्यस्त दिसल्या तर ते मुकाट्याने झाडून काढीत. पडलेले कपडे धुऊन ठेवीत. मुलांसाठी ते 'छात्रालय' नावाचे हस्तलिखित दैनिक काढीत. आपल्या गुरुजींनी आपले कपडे धुतले हे पाहून जी लाज मुलांना वाटे, ती छडीने कधीच वाटली नसती. त्यांचा धाक नव्हता, पण त्यांची सोबत होती. आणि जेथे मोठ्या माणसाची सोबत असते तेथे दादागिरीला जागा उरत नाही.

सर्वांनाच साने गुरुजी होता येणार नाही. पण मुलाच्या शेजारी बसणे प्रत्येकाला साधते. फाटकांना कुलुपे लावली, भिंतींवर कॅमेरे बसविले, तरी ते घडलेले दाखवितात; जे घडणार आहे ते एखाद्या मुलाच्या मनात असते, आणि दुसऱ्या एखाद्या मुलाला ठाऊक असते. ते आपल्याला सांगावेसे वाटेल असे आपले घर, आपला वर्ग आणि आपले बोलणे आहे काय, हा प्रश्न प्रत्येक पालकाने आणि शिक्षकाने स्वतःला विचारावा. उत्तर 'नाही' असे आले, तरी ते बदलणे आपल्याच हाती आहे. आणि त्यासाठी पुढच्या अनर्थाची वाट पाहण्याचे कारण नाही.